मायामीचा १९७२ चा हंगाम: केवळ सोप्या वेळापत्रकाचे फळ?

अमेरिकन फुटबॉलमधील मायामी डॉल्फिन्स संघाचा १९७२ चा अपराजित हंगाम केवळ सोप्या वेळापत्रकामुळे साधला, हे मत अगदीच बिनबुडाचे नाही. साखळीतील त्यांच्या प्रतिस्पर्ध्यांपैकी केवळ कॅन्सस सिटी आणि न्यूयॉर्क जायंट्स यांच्याच खात्यात पराभवांहून अधिक विजय होते. मात्र पाचव्याच सामन्यात क्वार्टरबॅक (आक्रमणाची सूत्रे सांभाळून चेंडू पास करणारा खेळाडू) बॉब ग्रीसीचा पाय मोडल्यावर ३८ वर्षांच्या अर्ल मोरॉलने उरलेली साखळी एकही पराभव न पत्करता निभावून नेली, ही बाब त्या हिशेबात कोठेच धरलेली दिसत नाही. शिवाय यजमानपद तेव्हा आळीपाळीने ठरत असल्यामुळे अपराजित असूनही त्यांना उपांत्य सामना पिट्सबर्गला जाऊन खेळावा लागला.

लॉस एंजेलिसमधील अंतिम सामन्यात १४-० अशी आघाडी असताना मायामीचा किकर गॅरो येप्रेमियन याची किक अडवली गेली, परत हाती आलेला चेंडू पास करण्याच्या नादात त्याच्या हातून निसटला आणि वॉशिंग्टनच्या माइक बासने तो ४९ यार्ड पळवत प्रतिस्पर्ध्याच्या गोलरेषेपलीकडे नेऊन टचडाउन केला (किकरने पासच्या फंदात पडू नये, हे बहुधा त्या दिवशी साऱ्या अमेरिकेला पटले असावे). उरलेली दोन मिनिटे बचावफळीने खिंड लढवली आणि १४-७ अशा विजयासह सतरापैकी सतरा सामने मायामीच्या नावावर झाले. २००७ मध्ये न्यू इंग्लंड संघानेही साखळी निर्विवाद जिंकली, पण अंतिम सामन्यात जायंट्सने त्यांना १७-१४ असे हरवले.