दोन जादूगार सत्तांमधला तह लिहितोय आणि पार अडकलोय

रानवाट:
दीड वर्ष झालं एक फॅन्टसी कादंबरी लिहितोय, आता नेमकं तहाच्या प्रकरणाशी गाडी अडलीये. डोंगरातल्या लोकांची जादू उष्णतेवर चालते, म्हणजे मंत्र टाकला की आसपासची ऊब ओढली जाते, उभं पीक गारठून जातं, विहिरीवर बर्फ धरतो. किनाऱ्यावरच्यांची आठवणींवर चालते, प्रत्येक मंत्रामागे मंत्र टाकणाऱ्याची एक आठवण कायमची जाते. चाळीस वर्षं लढून दोघंही टेकीला आलेत. मी लिहिलं की डोंगराचा राजा आणि किनाऱ्याची राणी रक्ताची शपथ घेतात, जो तह मोडेल तो जागच्या जागी मरेल. लिहिताना भारी वाटलं, दुसऱ्या दिवशी वाचलं तर पुढचं सगळं पुस्तकच मेलं होतं. कुणी तह मोडूच शकत नाही, मग पुढची ३०० पानं काय सांगू? आणि शपथ काढली तर एवढी जादू हाताशी असताना नुसत्या कागदावर कोण विसंबणार? हा तह खरा वाटायला काय करू?

शाईदौत:
शपथ अजिबात काढू नका, फक्त ती कुठल्या भाषेत घेतली ते ठरवा. १८८९ चा वुचालेचा तह बघा, इटली आणि इथिओपियामधला. त्याच्या १७ व्या कलमात अम्हारिक (इथिओपियाची भाषा) मजकुराप्रमाणे तिथल्या मेनेलिक सम्राटाला इतर देशांशी बोलताना इटलीची मदत घेता येईल एवढंच होतं, इटालियन मजकुरात मात्र ती घ्यावीच लागेल असं होतं. एका क्रियापदावरून इथिओपिया इटलीच्या ताब्यातला देश ठरत होता. मेनेलिकने १८९३ मध्ये तह झुगारला आणि १८९६ ला अडवाच्या लढाईत इटलीचा सडकून पराभव झाला. आता तुमच्या जगात विचार करा, शपथ कशाला बांधील आहे, लिहिलेल्या शब्दांना की घेणाऱ्याला जे समजलं त्याला? समजलेल्या अर्थाला असेल तर दोघंही मनापासून तह पाळत असतील आणि तरी सीमेवर माणसं मरत असतील. मला तरी यात सहज ३०० पानं दिसतात.

कंदील:
माझं मत वेगळंय. मरणाच्या धाकाने टिकलेला तह वाचायला मजा येत नाही, दोघांना तो का हवाय ते आधी दाखवा. इजिप्तचा राजा रामसेस दुसरा आणि हित्तींचा (आजच्या तुर्कस्तानातलं जुनं साम्राज्य) राजा हत्तुसिली तिसरा यांचा तह, इसवीसनपूर्व १२५९ च्या सुमाराचा. त्यातही शपथ होतीच, दोन्हीकडचे हजार हजार देव साक्षीला, मोडणाऱ्याच्या घरादाराचा नाश होवो असा शाप, मजकूर चांदीच्या पत्र्यावर कोरलेला. आणि तेव्हाच्या लोकांसाठी तो शाप तुमच्या रक्ताच्या शपथेइतकाच खरा होता. पण हत्तुसिलीने पुतण्याला हटवून गादी घेतली होती, तो पुतण्या पळून इजिप्तच्या आश्रयाला गेला होता, वर पूर्वेकडून अ‍ॅसिरियाचं राज्य डोकं वर काढत होतं. म्हणून हत्तुसिलीला तह हवा होता.
मला त्यातलं सगळ्यात भिडलेलं कलम पळून गेलेल्यांचं आहे. त्यांना परत पाठवायचं, पण परत आल्यावर त्यांचं घर, बायको, मुलं यांना हात लावायचा नाही, त्यांना मारायचं नाही, डोळे, कान, तोंड, पाय यांना इजा करायची नाही. एकेक अवयव मोजून लिहिलाय. ते कलम वाचलं की एरवी परत आलेल्यांचं काय व्हायचं ते कळतं आणि पोटात गोळा येतो. तुमच्याकडे कोण पळत असेल? मला वाटतं किनाऱ्यावरची लहान पोरं, ज्यांना आईचा चेहरा विसरायचा नाही म्हणून ती डोंगर चढून गेली. त्यांना परत पाठवायचं कलम लिहून बघा.

उंबरठा:
कुणी तपासणीबद्दल बोललंच नाही, माझ्या मते सगळी मेख तिथेच आहे. १९२२ च्या वॉशिंग्टनच्या नौदल करारात अमेरिका, ब्रिटन आणि जपानच्या मोठ्या युद्धनौकांचं प्रमाण ५:५:३ असं ठरलं, कारण एवढं मोठं जहाज लपवता येत नाही, मोजता येतं. १९८७ ला अमेरिका आणि सोव्हिएत युनियनने मध्यम पल्ल्याची क्षेपणास्त्रं नष्ट करायचं ठरवलं तेव्हा एकमेकांच्या तळांवर जाऊन बघणारे निरीक्षक लागले, आणि १९९१ पर्यंत २,६९२ क्षेपणास्त्रं मोडली गेली.
तुमच्या तहात मंत्र टाकायलाच बंदी आहे असं धरू. डोंगरवाल्यांची लबाडी लगेच दिसणार. सीमेवरच्या प्रत्येक गावात चौकात पाण्याने भरलेलं तसराळं ठेवा, ऐन उन्हाळ्यात सकाळी त्यावर पापुद्रा दिसला की समजायचं कुणीतरी मंत्र टाकला. पण किनारेवाल्यांचा पुरावा त्यांच्या डोक्यात आहे, तोही नाहीसा झालेला! तिथे निरीक्षक काय करणार, तर रोज सकाळी प्रत्येक जादूगारासमोर बसून तेच वीस प्रश्न विचारणार. बहिणीचं नाव काय, पहिल्यांदा समुद्रात कधी उतरलास, बाप कशाने गेला. एखाद्या दिवशी समोरचा गप्प झाला की तह मोडला. आता वय झालेला, आपसूक विसरायला लागलेला म्हातारा जादूगार असेल तर काय कराल?

रानवाट:
उंबरठा, तुमचा तो म्हातारा डोक्यातून जातच नाहीये, रात्री बाराला उठून लिहायला बसलो. शाईदौत, शपथ ठेवतोय आणि ती समजलेल्या अर्थालाच बांधील करतोय. कंदील, पोरांचं कलमही घेतो, राणीचीच नात पळालेली दाखवणार आहे.
आता असं झालंय. तहाला सात वर्षं झालीत, साथीत गाव वाचवायला राणी चोरून एक मंत्र टाकते आणि त्यात नेमकी तहाच्या दिवसाची आठवण जाते. सकाळी निरीक्षक समोर बसतो, एकोणीस उत्तरं बरोबर येतात. विसावा प्रश्न असतो, तुमच्या तळहातावरचा हा व्रण कशाचा? ती हात उलटा करून बराच वेळ बघत राहते. निरीक्षक डोंगरातलाच, त्याची स्वतःची मुलगी त्या साथीच्या गावात दिलेली. तो वहीत काय लिहितो ते अजून ठरत नाहीये, पण पान सुरू केलंय.