अमेरिकन मूक ‘वेस्टर्न’ लघुपट कोणत्या वेगाने दाखवावेत? मार्गदर्शन हवे आहे

नमस्कार. आमच्या चित्रपट मंडळात आरंभीच्या अमेरिकन मूक वेस्टर्न (अमेरिकेच्या पश्चिम सीमाभागातील घोडेस्वार, दरोडेखोर आणि मूलनिवासी यांच्या कथांच्या) लघुपटांचा छोटा कार्यक्रम करायचा आहे. एडविन पोर्टर यांचा ‘द ग्रेट ट्रेन रॉबरी’ (१९०३) आणि जेम्स यंग डिअर यांचा ‘व्हाइट फॉन्स डिव्होशन’ (१९१०) हे दोन निश्चित झाले आहेत. अडचण आहे ती वेगाची.

३५ मिलिमीटर फिल्मच्या एका फुटात १६ चौकटी (फ्रेम, म्हणजे एकेक स्थिर चित्र) असतात. त्यामुळे त्या काळचे १,००० फुटांचे रीळ सेकंदाला १६ चौकटींच्या वेगाने साडेसोळा मिनिटांहून थोडे अधिक चालते, तर २४ चौकटींच्या वेगाने तेच अकरा मिनिटांत संपते. कॅमेरा हाताने फिरवला जात असल्याने मूळ वेगही एकसारखा नसे. शिवाय पाठलागाचे प्रसंग पुष्कळदा कॅमेरा मुद्दाम संथ फिरवून टिपले जात, म्हणजे सेकंदाला कमी चौकटी टिपल्या गेल्याने पडद्यावर घोडे अधिक वेगाने धावताना दिसत. तेव्हा सरसकट १६ चौकटींचा नियम लावला, तर दिग्दर्शकाला हवा असलेला वेगच हरवेल, अशी मला भीती वाटते.

दुसऱ्या लघुपटाची मला विशेष काळजी आहे. नवरा आपल्याला सोडून जाईल या भयाने व्हाइट फॉन स्वतःला सुरा भोसकून घेते, आणि आईचा खून बापानेच केला असे समजून त्यांची लहान मुलगी आईच्या जमातीला बोलावते. हा प्रसंग घाईत पळाला तर प्रेक्षक हसतील, आणि अमेरिकेतील मूलनिवासी दिग्दर्शकाच्या आरंभीच्या कामावर तो अन्याय होईल.

आंतरजालावरील प्रतींत वेग कमी करण्यासाठी काही चौकटी आधीच दोनदा घातलेल्या असाव्यात, कारण घोडदौडीत बारीक हिसके जाणवतात. अशा दुबार चौकटी ओळखून काढण्याची खात्रीची पद्धत कोणी वापरली आहे का? प्रसंगागणिक वेग बदलावा की संपूर्ण लघुपटाला एकच ठेवावा?

आणखी एक. पोर्टर यांच्या लघुपटातील दरोडेखोर थेट प्रेक्षकांवर पिस्तूल झाडतो, ते दृश्य आरंभी किंवा शेवटी कुठेही जोडण्याची मुभा लघुपटाच्या निर्मात्या एडिसन कंपनीनेच दिली होती. मला ते शेवटी असावे असे वाटते. ज्यांनी ते आरंभी दाखवले असेल, त्यांनी पुढच्या कथेकडे प्रेक्षकांचे लक्ष कसे राहिले, हे कृपया सांगावे.