चित्रावर अंगठा ठेवला तर खाली बाई उरते का?

पाचवा माना:
कार्डांच्या खेळांबद्दलच्या कालच्या पोस्टमधलं एक वाक्य सोडवत नाही, म्हणून सविस्तर लिहितोय. वाक्य असं: "मॅजिक असो, युगिओह असो की पोकेमॉन, बायका फक्त कार्डांची पाकिटं खपवायला असतात. चित्रावर अंगठा ठेवा, खाली बाई उरतच नाही." ठीक आहे, ठेवला अंगठा. आता खालचा मजकूर वाचू.

पहिली थालिया, गार्डियन ऑफ थ्रेबेन, मॅजिकचं कार्ड. डार्क असेन्शन संच, 2012. दोन माना (कार्ड खेळायला मोजायची ऊर्जा), 2/1 म्हणजे हल्ला दोन, बचाव एक, फर्स्ट स्ट्राइक (लढाईत आधी वार) आणि एक ओळ: क्रीचर (लढणारं पात्र) नसलेला प्रत्येक स्पेल (माना मोजून खेळलेलं कार्ड) एक मानाने महाग. या एका ओळीने लेगसीत (जुनी कार्डंही चालणाऱ्या खेळप्रकारात) काय होतं ते बघा. ब्रेनस्टॉर्म कार्ड एका मानाचं दोनाचं होतं. फोर्स ऑफ विल निळं कार्ड देऊन 'फुकट' टाकायला गेलात तरी वर एक माना मोजावाच लागतो. माना देणाऱ्या डार्क रिच्युअलमधून निव्वळ दोन माना सुटायचे तिथे एक सुटतो. लोटस पेटल तर एक घेऊन एकच देतं, म्हणजे हाती शून्य. स्टॉर्म डेक (एकामागून एक स्पेल टाकणारा कार्डांचा गठ्ठा) खेळणारा तिला मारल्याशिवाय पुढे सरकत नाही. बरं, कर तिच्या मालकालाही लागतो, म्हणून डेक क्रीचरांनीच भरावा लागतो आणि क्रम चुकवून चालत नाही: पहिल्या टर्नला ईथर व्हायल (एक मानाचं, क्रीचर नसलेलं कार्ड), दुसऱ्याला थालिया. उलट केलंत तर तुमचीच व्हायल दोन मानाची होऊन बसते.

दुसरी लिलियाना ऑफ द व्हेल, इनिस्ट्राड, 2011. ही प्लेन्सवॉकर, म्हणजे क्षमता वापरली की लॉयल्टी (तिचं आयुष्य) वाढणारं-घटणारं कार्ड; तीन माना, लॉयल्टी तीन. प्लस एक केलं की चार होतात, म्हणजे तीन डॅमेजचा लायटनिंग बोल्ट खाऊनही ती एकावर उभी राहते. उलट समोरचं एकुलतं क्रीचर खायला मायनस दोन केलं की ती एकावर येते आणि कुठलंही चिल्लर क्रीचर तिला संपवतं. तिसऱ्या टर्नला यातलं काय करायचं हे ज्याला नीट कळतं तोच तो डेक चालवू शकतो. सांगा, यात पाकीट खपवणं कुठे आलं? ही त्या डेकची मालकीण आहे.

साठ पानी:
ते वाक्य माझं आहे आणि मी ते मागे घेत नाही. तुम्ही सोयीची दोन कार्डं उचललीत. 2007 मध्ये लॉरविन संचात पहिले पाच प्लेन्सवॉकर आले: अजानी, जेस, लिलियाना, चांद्रा, गारुक. पाचात दोन बायका (लिलियाना, चांद्रा), कागदावर छान दिसतं. आता किंमत बघा. जेस बेलेरन तीन मानाचा, चांद्रा नलार पाचाची. 2009 मध्ये झेंडिकारला चांद्रा अब्लेझ आली ती सहा मानाची. पुढच्याच वर्षी जेस, द माइंड स्कल्प्टर: चार माना, आणि चार क्षमता असलेला पहिला प्लेन्सवॉकर. इतका भारी, की जून 2011 ला स्टँडर्डमध्ये (फक्त नव्या संचांच्या खेळप्रकारात) त्याच्यावर बंदी आली. चांद्राला चार क्षमता मिळायला 2016 उजाडावं लागलं. नऊ वर्षं पाकिटावर, पोस्टरवर तीच होती आणि टेबलावर जेस. मी 'खपवायला' म्हणतो ते याला.

आणि लिलियानाचा मजकूर इतका भक्कम होता, तर 2011 च्या चित्रात गळा एवढा खोल कशाला? ते कार्ड कोऱ्या कागदावर छापलं असतं तरी लोकांनी चार प्रती घेतल्याच असत्या.

मागच्या बाकावरची:
तुम्ही दोघंही चित्र एकीकडे, मजकूर दुसरीकडे असं धरून भांडताय. कधीकधी मजकूरच बाईला खाली बसवतो. युगिओहची डार्क मॅजिशियन गर्ल घ्या. सहा तारे, 2000 हल्ला, 1700 बचाव. ग्रेव्हयार्डमध्ये (मेलेली कार्डं जातात त्या ढिगात), तुमच्या किंवा समोरच्याच्या, डार्क मॅजिशियन किंवा मॅजिशियन ऑफ ब्लॅक केऑस असेल तर दर कार्डामागे तिचा हल्ला 300 ने वाढतो. म्हणजे गुरू (डार्क मॅजिशियन) मेल्याशिवाय शिष्येला बळ नाही! एक मेला तर 2300, दोन मेले तर 2600, तेव्हा कुठे ती डार्क मॅजिशियनच्या 2500 च्या पुढे जाते. एका ट्रिब्यूटमध्ये (आपल्याच एका पात्राचा बळी देऊन) येते ही तिची जमेची बाजू, त्याला दोन लागतात. पण तिचा मजकूर तिच्याबद्दल एक शब्द बोलत नाही, सगळा त्याच्याबद्दल.

जपानबाहेर छापताना काय दुरुस्त केलं, तर चित्र. छातीवरची पंचकोनी चांदणी काढून तिथे लाल खडा बसवला, गळ्याखालची रेघ पुसली. मजकूर होता तसाच. खोडरबर भलत्याच जागी फिरवला.

स्लीव्हवाला:
युगिओहचं ते चित्र बदललं याचा मला आजही राग आहे. चित्रकाराने काढलं ते छापा, नाहीतर दुसऱ्याकडून काढून घ्या. एकाच्या कामावर दुसऱ्याने रंग ओतायचा नाही.

मूळ प्रश्नावर पोकेमॉनमध्ये तयार पुरावा आहे. एन, नोबल व्हिक्टरीज, 2011: दोघांनी हात (हातातली कार्डं) डेकमध्ये पिसायचा आणि आपापली जितकी प्राइज कार्डं (जिंकायला ती सगळी उचलावी लागतात) उरलीत तितकी कार्डं ओढायची. आयोनो, पाल्डिया इव्हॉल्व्ड, 2023: जवळजवळ तेच काम, फक्त हात पिसून डेकच्या तळाशी जातो. एन मुलगा, आयोनो मुलगी. आयोनोच्या स्पेशल इलस्ट्रेशन रेअरच्या (खास चित्राच्या दुर्मीळ छपाईच्या) किमतीत साध्या छपाईच्या आयोनोंचा ढीग येतो, आणि खेळताना आयोनोच्या या दोन्ही छपाया अगदी सारखंच काम करतात. म्हणजे वरचा पैसा चित्राचा. साठ पानी यांचं म्हणणं बाजारापुरतं खरं आहे, खेळापुरतं नाही.

साठ पानी:
बाजार वेगळा आणि खेळ वेगळा असं कुठे असतं? बाजार बघूनच पुढचा संच आखतात.

पाचवा माना:
'जवळजवळ तेच काम' यावर थांबा, कारण फरक मोठा आहे. समोरच्याचं एक प्राइज उरलंय आणि तुम्ही एन टाकलात. त्याचा हात डेकमध्ये मिसळला, त्याने एक कार्ड ओढलं, ते नेमकं हातातलंच बॉसेस ऑर्डर्स (डाव जिंकून देऊ शकणारं कार्ड) निघू शकतं. आयोनो टाकली तर ते तळाशी गेलेलं असतं, डेक पुन्हा पिसला जाईपर्यंत हाती लागत नाही. म्हणून आयोनोनंतर समोरच्याने अल्ट्रा बॉल (डेकमधून शोधायचं कार्ड) वापरला की सावध व्हायचं, शोधून झालं की डेक पिसला जातो आणि तळातलं वर येऊ शकतं. डावाच्या शेवटी आयोनो एनपेक्षा कडक आहे. हे चित्रात नाही, मजकुरात आहे.

आणि चांद्राचं म्हणाल तर 2016 चा कलादेश संच विसरू नका. चांद्रा, टॉर्च ऑफ डिफायन्स तिथलीच. त्याच संचात सहेली राय आली आणि फेलिडर गार्डियन नावाच्या एका मांजराबरोबर तिने सगळं स्टँडर्ड उलथवलं.

साठ पानी:
सहेलीने नाही, मांजराने. बंदी कुणावर आली? फेलिडर गार्डियनवर, एप्रिल 2017. सहेली तशीच राहिली. ती धोकादायक होती तर तिच्यावर हात का नाही टाकला?

तिसरा टर्न:
बंदीचा अर्थ असा लावायचा नसतो. आधी जोडी कशी चालते ते बघा. तिसऱ्या टर्नला सहेली, तीन माना, लॉयल्टी तीन, प्लस एक करून चार. चौथ्या टर्नला गार्डियन, 1/4. मग सहेलीचं मायनस दोन: गार्डियनची नक्कल, तिला हेस्ट (आल्या टर्नलाच हल्ल्याची मुभा). नक्कल मैदानात येताच सहेलीला बाहेर पाठवून परत आणते. परत आलेली सहेली नियमाने नवी वस्तू, लॉयल्टी पुन्हा तीन, क्षमता पुन्हा वापरता येते. परत मायनस दोन, परत नक्कल. हवी तेवढी मांजरं, सगळी त्याच टर्नला हल्ल्याला मोकळी. यात नक्कल कोण करतं? सहेली. हेस्ट कोण देतं? सहेली. मांजर नुसतं दार उघडतं.

साठ पानी:
आणि दार उघडणं हाच घोटाळा होता! गार्डियनचा मजकूर वाचा: तुमचं दुसरं कुठलंही 'पर्मनंट' (मैदानात राहणारं कार्ड). 2012 च्या रेस्टोरेशन एंजलवर 'एंजल नसलेलं क्रीचर' असं लिहिलंय. गार्डियनवर 'क्रीचर' एवढा एक शब्द असता तर सहेली हाताला लागलीच नसती. चूक मांजराच्या मजकुरात होती, ती छापण्याआधी कुणाच्या लक्षात आली नाही. बंदी योग्य जागी पडली. त्याचं श्रेय सहेलीला देऊ नका.

तिसरा टर्न:
श्रेय नाही, सूत्रधारपण म्हणतोय मी. गार्डियन एकटं काय करतं? चार मानात 1/4. त्याला कोण घाबरतं?

साठ पानी:
आणि सहेली एकटी काय करते? स्क्राय एक (डेकवरचं एक कार्ड बघणं), एक डॅमेज. तिला कोण घाबरतं?

मागच्या बाकावरची:
जोडी तोडायची असेल तर आधी सहेली मारायची की मांजर, यात उत्तर आहे. दोन डॅमेजच्या शॉकने मांजर मरत नाही, बचाव चार आहे. क्रीचर मारणारं फेटल पुश लागायला त्या टर्नला रिव्होल्ट (आपलं एखादं पर्मनंट मैदानातून जाणं) झालेला हवा, नाहीतर दोन मानापर्यंतचंच क्रीचर मरतं. पण मायनस दोननंतर सहेली एका किंवा दोन लॉयल्टीवर असते. मांजराच्या नकलेचा ट्रिगर (आपोआप सुरू होणारा परिणाम) अजून पुरा व्हायचा असतानाच शॉक टाकला तर ती मरते आणि साखळी तिथेच तुटते. तेव्हाच्या नियमात खेळाडूवर नेम धरून डॅमेज तिच्याकडे वळवावं लागायचं, ती सोय 2018 ला डोमिनारिया संचात काढली. एकेक डॅमेज करणारा वॉकिंग बॅलिस्टाही हेच काम करायचा. नाहीतर एक मानाचं ऑथॉरिटी ऑफ द कॉन्सल्स मांडून ठेवायचं, सगळी मांजरं टॅप होऊनच (म्हणजे त्या टर्नला हल्ला करू न शकणारी) येतात. बघा, तीनपैकी दोन उपाय थेट सहेलीवर आहेत. टेबलावर लोक कुणाला घाबरत होते ते यावरून ठरवा.

साठ पानी:
दुबळा दुवा तोडतात, याने तो दुवा सूत्रधार ठरत नाही.

काळा देश:
मांजर बाजूला ठेवा, संचाच्या नावाबद्दल कुणीच का बोलत नाही? सगळी घडण भारतावरून घेतली आणि जगाचं नाव ठेवलं 'कलादेश'. इंग्रजी अक्षरांतून ते 'काला देश' असंच वाचलं जातं. आपल्या एका माणसाला विचारलं असतं तरी थांबवलं असतं. 2025 ला एथरड्रिफ्टमध्ये त्या जगाचं नाव 'आविष्कार' केलं, नऊ वर्षांनी. आणि नायिकेचं नाव काय, तर सहेली. मैत्रीण! मुलीला नाव देतोय की नातं सांगतोय? बाईचं पात्र उभं करताना नावापासूनच कष्ट घेतले नाहीत, हा माझा मुद्दा आहे आणि तो गळ्याच्या खोलीपेक्षा मोठा आहे.

स्लीव्हवाला:
रश्मी हे नाव तर ठीक आहे ना? तीही त्याच संचातली.

काळा देश:
रश्मी ठीक आहे. पण ती एल्फ आहे, माणूस नाही.

मागच्या बाकावरची:
नावाचं मान्य. पण त्याच संचात एक गोष्ट झाली जी इतरत्र क्वचित दिसते, ती कुणी बघत नाहीये. पिया नलार. चांद्राची आई. तीन माना, 2/2, सोबत उडणारा 1/1 थॉप्टर (छोटं यंत्र). एका कार्डात दोन अंगं, शिवाय आर्टिफॅक्ट (थॉप्टरसारखं यंत्र वा वस्तू) मोडून समोरच्या क्रीचरला ब्लॉक करू न देण्याची सोय, म्हणून लोक ते खेळायचे. 2015 ला ती नवऱ्यासोबत 'पिया अँड किरण नलार' या एकाच कार्डावर होती, तिथे दोन थॉप्टर. एकटी आली तेव्हा एक थॉप्टर घेऊन आली. नवरा गेल्याचा हिशोब मजकुरातच आहे! आणि ओव्हिया पशिरी: एक माना, 1/2, म्हातारी कारागीर. पिकलेले केस, हातात काम. हे दोन सोडून तुमच्या डेकमधल्या बायका काढून वय लावा. वीस, बावीस, पंचवीस. पुरुषांमध्ये म्हातारे जादूगार, पोक्त राजे, टकले सेनापती सगळे मिळतात. कपड्यांवरून एवढं भांडता, वयावरून कोण भांडणार?

साठ पानी:
हे मात्र बिनतोड आहे. पियाचं कार्ड मीच विसरलो होतो. 'फक्त' हा शब्द मी मागे घेतो, बाकीचं वाक्य नाही.

पाचवा माना:
शब्द मागे घेतलात तर मीही एक देतो: चांद्राची पहिली नऊ वर्षं तुम्ही म्हणता तशीच गेली. पाच आणि सहा मानात तिला जे दिलं ते जेसच्या जवळपासही नव्हतं. थालियामुळे ते झाकलं जात नाही.

स्लीव्हवाला:
मग मोजायचं कसं ते ठरवू. एक संच घ्यायचा, त्यातले नुसते लेजेंडरी (नाव असलेली एकमेव पात्रं) आणि प्लेन्सवॉकर. तीन रकाने: बाई की पुरुष, अंदाजे वय, आणि मजकूर स्वतःच्या बळावर चालतो की दुसऱ्या कुणावर टेकलेला आहे. चित्र शेवटी बघायचं. कलादेशपासून सुरू करतो, उद्या टाकतो.

साठ पानी:
सहेली तिसऱ्या रकान्यात 'टेकलेली' म्हणून लिहा.

तिसरा टर्न:
अजिबात नाही. नक्कल आपल्या कुठल्याही क्रीचरची किंवा आर्टिफॅक्टची करता येते, मांजराचीच करावी असं तिच्या कार्डावर कुठेही लिहिलेलं नाही.