गांधीजी आफ्रिकेतून घडून आले की गोखल्यांच्या ‘त्या’ वर्षाने घडले?

उंबरठा (धागाकर्ता)

९ जानेवारी १९१५ रोजी गांधीजी ‘अरेबिया’ बोटीने येऊन मुंबईत अपोलो बंदरावर उतरले. २००३पासून हा दिवस प्रवासी भारतीय दिवस म्हणून साजरा होतो. त्या निमित्ताने एकच गोष्ट कानावर पडते: परदेशात नेता घडला, मायदेशी आला आणि देशाला वाट दाखवली. मला हे पटत नाही. बोटीतून उतरलेला माणूस हिंदुस्थानातून आफ्रिकेत नेलेल्या गिरमिट्या (करारबद्ध) मजुरांचा प्रश्न जाणत होता, पण हिंदुस्थान जाणत नव्हता. तो त्याला कळला गोखल्यांनी घातलेल्या अटीमुळे. वर्षभर देश फिरायचा, बघायचं, ऐकायचं आणि सार्वजनिक प्रश्नांवर मत द्यायचं नाही, ही ती अट.

मुंबईत जहांगीर पेटिट यांच्या बंगल्यावर त्यांचा सत्कार झाला, अध्यक्ष फिरोजशहा मेहता. काठियावाडी अंगरखा, पागोटं आणि धोतर अशा वेशात आलेल्या गांधींना त्या झगमगाटात आपण अगदीच गावंढळ आहोत असं वाटलं. आयुष्यातला चांगला काळ मजुरांमध्ये काढलेला माणूस तो. त्याच मुंबईत गुजराती मंडळींनी सत्कार केला, तिथे जीनांनी इंग्रजीत भाषण केलं आणि गांधींनी गुजरातीत उत्तर दिलं.

मग सुरू झाला तिसऱ्या वर्गाचा प्रवास. हरिद्वारच्या कुंभाला जाताना सहारनपूरनंतर उतारूंना बिनछपराच्या मालडब्यांत कोंबलं होतं. वर दुपारचं ऊन, खाली तापलेला पत्रा. घशाला कोरड पडलेली असूनही लोक ‘मुसलमानी’ पाणी नाकारत होते आणि ‘हिंदू’ पाण्याची वाट बघत होते. हरिद्वारला त्यांनी पाच पायांची गाय पाहिली. पुढे समजलं, की जिवंत वासराचा पाय कापून तो गाईच्या खांद्यात बसवला होता, भाविकांकडून पैसे उकळण्यासाठी. आफ्रिकेतल्या त्यांच्या फिनिक्स आश्रमातून आलेली मंडळी तिथे यात्रेकरूंच्या शौचाच्या खड्ड्यांवर माती टाकण्याचं काम करत होती. दिवसाला पाचच पदार्थ खायचे आणि अंधार पडल्यावर जेवायचं नाही, हे व्रत त्यांनी तिथेच घेतलं.

हे सगळं आफ्रिकेत शिकायला मिळणं शक्य नव्हतं. गोखल्यांशिवाय बिहारात चंपारणच्या नीळ पिकवणाऱ्या रयतेसाठी लढणारे गांधी घडले नसते, असं मी स्पष्टपणे म्हणतो.

काळी माती

पूर्ण असहमत. गांधी आफ्रिकेतच पूर्ण घडले होते. तुम्ही गांधींच्या वीस वर्षांच्या कामाला एका वर्षाच्या प्रवासाखाली झाकताय.

११ सप्टेंबर १९०६ला जोहान्सबर्गच्या एम्पायर थिएटरमध्ये लोकांनी हिंदी लोकांच्या सक्तीच्या नोंदणीचा कायदा न पाळण्याची शपथ घेतली, तेव्हा गोखले तिथे होते का? १९०८मध्ये नोंदणीचे परवाने जाळले ते कोणाच्या सल्ल्याने? नोव्हेंबर १९०९मध्ये ‘किल्डोनन कॅसल’ बोटीवर, उजवा हात दुखला की डाव्या हाताने, ‘हिंद स्वराज’ लिहून झालं होतं. त्यातला मूळ विचार त्यांनी शेवटपर्यंत सोडला नाही. गोखल्यांना ते पुस्तक कच्चं वाटलं होतं. वर्षभर हिंदुस्थान पाहिला की तुम्हीच ते फाडून टाकाल, अशी त्यांची अटकळ होती. वर्ष संपलं. पुस्तक फाडलं गेलं नाही! तुमच्या मुद्द्याविरुद्ध यापेक्षा मोठा पुरावा कोणता हवा?

आणि ६ नोव्हेंबर १९१३ विसरू नका. चार्ल्सटाउनहून निघालेल्या मोर्चात २,०३७ पुरुष, १२७ स्त्रिया आणि ५७ मुलं होती. रोजचा शिधा माणशी दीड पौंड पाव आणि औंसभर साखर. तमिळ, तेलुगू, हिंदी बोलणारे, हिंदू आणि मुसलमान, बहुतेक खाणीतले आणि मळ्यांतले मजूर. ट्रान्सवालची सरहद्द ओलांडून सगळे तुरुंगात जायला तयार. तीन पौंडांचा डोईपट्टी कर रद्द झाला तो याच लोकांमुळे. सोळा-सतरा वर्षांची वळियम्मा तुरुंगातून ताप घेऊन सुटली आणि फेब्रुवारी १९१४मध्ये गेली. एवढं सगळं पाहिलेल्या माणसाला ‘हिंदुस्थान जाणत नव्हता’ म्हणणं मला अन्यायाचं वाटतं. त्याच्या अवतीभवती हिंदुस्थानच होता, आणि तोही इथल्या पुढाऱ्यांनी कधी जवळून न पाहिलेला.

जुनं पान

एक गोष्ट दोघांच्याही लिहिण्यात आली नाही, म्हणून मध्ये पडतो.

गोखल्यांना गांधी आपण काढलेल्या भारत सेवक समाजात हवे होते. पुण्यात सभासदांशी चर्चा झाली, पण ध्येयं आणि पद्धती यांत अंतर फार आहे असं बहुतेकांना वाटलं. निरोपाच्या वेळी गोखल्यांनी खास काही केलं नाही. आपल्या खोलीपासून चार पावलांवर समाजाच्या अंगणात त्यांनी भुईमुगाचे दाणे, खजूर आणि ताजी फळं मांडली. तब्येत साथ देत नसतानाही ते तिथवर आले आणि तिथेच मूर्च्छा येऊन पडले. त्यांना उचलून खोलीत नेलं. थोड्याच दिवसांत, १९ फेब्रुवारीला, ते गेले. गांधी तेव्हा शांतिनिकेतनात होते.

गोखल्यांचा आणखी एक निर्णय मला फार मोलाचा वाटतो. त्यांनी समाजाच्या डॉ. देवांना बोलावून सांगितलं, की समाजाच्या वहीत गांधींच्या नावाने खातं उघडा आणि आश्रमासाठी लागेल ते द्या. म्हणजे समाज त्यांना सभासद करून घ्यायला तयार नव्हता आणि गोखले त्यांच्या नावाने हिशेब उघडत होते. गोखल्यांनंतर सभासदांत मतभेद आहेत हे दिसताच गांधींनी स्वतःचा अर्ज मागे घेतला.

काळी माती, ‘हिंद स्वराज’बद्दल तुमचं बरोबर. पण माणूस आपल्या विचाराशी असहमत असताना त्याच्यावर एवढा विश्वास टाकणारे गोखले या गोष्टीतून वजा कसे करणार?

तळ्याकाठ

मला या चर्चेत एक खटकतं. ‘आफ्रिकेत घडले’ म्हणताना आफ्रिकी माणूस कुठे आहे?

फिनिक्सपासून थोड्याच अंतरावर इनांडाला जॉन ड्यूब यांची ओहलांगे ही शाळा होती. तेच ड्यूब १९१२मध्ये तिथल्या काळ्या लोकांच्या काँग्रेसचे पहिले अध्यक्ष झाले. १९१३ला हिंदी मजुरांचा मोर्चा निघाला, त्याच वर्षी काळ्या लोकांकडून जमीन हिरावणारा कायदा आला. गांधींचा लढा त्या लोकांसाठी नव्हता. सुरुवातीच्या लेखनात त्यांच्याबद्दल जे शब्द आहेत, ते आज वाचवत नाहीत. तेव्हा ‘तिथेच पूर्ण घडले’ असं काळी माती म्हणतात, त्यावर माझा आक्षेप आहे. अर्धवट घडले म्हणा.

आणि उंबरठा, १९१५मध्ये त्यांना देश कळला असं तुम्ही म्हणता. कुठल्या देशाची ओळख झाली? त्याच काळात बाबासाहेब न्यूयॉर्कला कोलंबिया विद्यापीठात शिकत होते. त्यांना देश कळायला मालडब्यातून फिरावं लागलं नव्हतं. शाळेत तहान लागली तरी शिपायाने वरून पाणी ओतल्याशिवाय घोट मिळत नव्हता, तिथेच देश कळला. गांधींनी अस्पृश्यतेकडे सवर्णांच्या पापाच्या अंगाने पाहिलं. ज्याला पाणी नाकारलं गेलं त्याचा हक्क म्हणून पाहिलं नाही. परदेशातून परतलेला नेता कोणाच्या बाजूने परतला, हे विचारायला हवं.

उंबरठा

तळ्याकाठ, आफ्रिकी लोकांबद्दलचा तुमचा मुद्दा मान्य, त्याला माझ्याकडे उत्तर नाही. पण पाण्याबद्दल थोडं थांबा, कारण त्याच वर्षातला कोचरबचा प्रसंग नेमका पाण्याचाच आहे.

मे १९१५मध्ये अहमदाबादजवळ कोचरबला भाड्याच्या बंगल्यात आश्रम सुरू झाला. काही महिन्यांत समाजसेवक ठक्कर बापांचं पत्र आलं, की एक अस्पृश्य कुटुंब यायला तयार आहे. दुदाभाई मुंबईत शिक्षक होते, सोबत पत्नी दानीबेन आणि रांगणारी लक्ष्मी. कुटुंब आलं आणि गावात खळबळ उडाली. विहीर बंगल्याच्या मालकाच्याही वापरातली. मोट हाकणारा म्हणायचा, तुमच्या घागरीतलं पाणी अंगावर उडालं तर मी बाटेन. तो शिव्या द्यायचा, दुदाभाईंना छळायचा. गांधींनी आश्रमात सांगितलं, शिव्या सोसा, पण काही झालं तरी पाणी भरणं थांबवायचं नाही. शेवटी मोटवालाच वरमला.

देणग्या बंद झाल्या. आश्रमाचा कारभार पाहणारे मगनलाल म्हणाले, पुढच्या महिन्याला पैसे नाहीत. गांधी म्हणाले, मग आपण अस्पृश्यांच्या वस्तीत राहायला जाऊ. पुढे गिरणीमालक अंबालाल साराभाईंनी मोटारीतून येऊन १३,००० रुपये हातात ठेवले आणि आश्रम तरला, ही गोष्ट सगळ्यांना माहीत आहे. मला जास्त महत्त्वाचं वाटतं ते घरातलं. कस्तुरबांना आणि आश्रमातल्या इतर स्त्रियांना दानीबेनचं स्वयंपाकघरात वावरणं रुचलं नव्हतं. फिनिक्समधून आलेल्या, तुरुंग भोगलेल्या या बायका. आफ्रिकेने त्यांना गोऱ्यांसमोर उभं राहायला शिकवलं होतं, घरातल्या चुलीजवळची शिवाशिव घालवली नव्हती. ती कोचरबलाच समोर आली. म्हणूनच मी म्हणतो, हे वर्ष गाळू नका.

तळ्याकाठ

कोचरब मी नाकारत नाही. ‘पाणी भरणं थांबवायचं नाही’ हे वाक्य मोठंच आहे. पण त्या प्रसंगात शिव्या सोसल्या कोणी? दुदाभाईंनी. मोटवाला वरमेपर्यंत धीर धरला तोही त्यांनीच. २० मार्च १९२७ला महाडला लोक चवदार तळ्यावर गेले, ते कोणी वरमेल म्हणून थांबले नाहीत. तळं सार्वजनिक होतं, ते खुलं असल्याचा ठराव नगरपालिकेनेच केला होता. लोक हक्काने ओंजळभर पाणी प्यायले आणि परतताना मार खाल्ला. तोही अहिंसक लढाच होता. अहिंसेचा एकच नमुना धरून बसलो, तर महाड त्यात कुठे बसवायचं ते मला सांगा.

काळी माती

तळ्याकाठ यांचा आफ्रिकेबद्दलचा मुद्दा मी मान्य करतो, ‘पूर्ण’ हा शब्द मागे घेतो. पण मूळ प्रश्नावर ठाम आहे.

मौनाचं वर्ष म्हणता, ते तरी खरं मौन होतं का? वढवाण स्टेशनावर मोतीलाल नावाच्या शिंप्याने वीरमगामच्या जकातीचा जाच सांगितला. गांधींनी पहिला प्रश्न त्यालाच विचारला: तुरुंगात जायला तयार आहात का? पुढे काठियावाडात सत्याग्रहाचा उल्लेख केला म्हणून मुंबई सरकारच्या सचिवाने नाराजी दाखवली. हे बोट लागल्यानंतर लगेचच्या काळातलं आहे. देश फिरून झालेला नव्हता, आणि प्रश्न तोच होता जो त्यांनी ट्रान्सवालमध्ये विचारला असता.

उंबरठा

वीरमगाम मान्य. पण मग लखनौ घ्या. डिसेंबर १९१६च्या काँग्रेसला राजकुमार शुक्ल चंपारणचं गाऱ्हाणं घेऊन आले. ठरावावर बोला म्हणून गांधींना आग्रह झाला. ते म्हणाले, डोळ्यांनी पाहिल्याशिवाय मी मत देणार नाही. चंपारणला गेल्यावर काँग्रेसचं नावही काढू दिलं नाही, भाषणं नाहीत, नुसत्या रयतेच्या जबान्या. वकील मंडळी प्रत्येकी आपापला आचारी घेऊन आली होती, त्यांना एका स्वयंपाकघरात आणलं. आणि शाळा, स्वच्छता, औषधपाणी यासाठी कोण धावलं? समाजाचे तेच डॉ. देव, पुण्याहून आनंदीबाई वैशंपायन, मुंबईहून अवंतिकाबाई गोखले, बेळगावहून सोमण आणि पुंडलीक. ‘आधी पाहा, मग बोला’ ही गोखल्यांची अट संपल्यावरही गांधींनी पाळली. हाच माझा मुद्दा आहे.

काळी माती

आधी पाहा, मग बोला, हे त्यांना गोखल्यांच्या आधी एका खटल्याने शिकवलं होतं. १८९३ला प्रिटोरियात दादा अब्दुल्लांच्या दाव्यावर काम करताना त्यांच्या ध्यानात आलं, की वस्तुस्थिती हातात असली की तीन चतुर्थांश कायदा हातात असतो. व्यवहाराची सगळी कागदपत्रं वाचून त्यांनी तो दावा लवादाकडे नेला आणि मिटवला. चंपारणात मोतीहारीला रयतेची जबानी घेताना उलटतपासणी घ्यायची आणि खोटी वाटेल ती जबानी बाजूला ठेवायची, ही शिस्त प्रिटोरियाच्या त्या वकिलाची आहे. १८ एप्रिल १९१७ला जिल्हा सोडण्याच्या हुकमाबद्दल कोर्टात ‘हुकूम मोडला, शिक्षा द्या’ म्हणाले, तीही तिथलीच सवय. गोखल्यांनी त्यांना वर्षभर थांबवलं आणि ते थांबले, एवढं श्रेय मी गोखल्यांना देतो. त्याहून जास्त नाही.