प्रति: ‘ग्लीमिंग द क्यूब’मधलं स्केटिंग

‘ग्लीमिंग द क्यूब’ या सिनेमाबद्दल इथे कुणीतरी म्हटलंय की नायक ब्रायनचं सगळं स्केटबोर्डवरचं स्केटिंग नट ख्रिश्चन स्लेटरने स्वतः केलंय. हे पटत नाही. १९८९च्या या सिनेमात त्याच्यासाठी रॉडनी मलन आणि माइक मॅकगिल हे दोघे बदली स्केटर होते, आणि दोघं का लागले तेच खरं बघण्यासारखं आहे. मॅकगिल उभ्या भिंतीवर, म्हणजे रॅम्प किंवा रिकाम्या पूलच्या कडांवर, स्केटिंग करणारा माणूस, हवेत दीड गिरकी घेणारा मॅकट्विस्ट त्याचाच. मलन सपाट जमिनीवरच्या करामतींचा, म्हणजे फ्रीस्टाइलचा; पायाने झटकून बोर्ड हवेत स्वतःभोवती फिरवायची किकफ्लिप त्याने शोधली. या दोन कामांना बोर्डसुद्धा वेगवेगळे लागतात. पोहण्याच्या रिकाम्या पूलमध्ये उतरताना साधारण दहा इंच रुंद फळी आणि मोठी चाकं हवीत, नाहीतर पाय निसटतो किंवा छोटं चाक टाइलच्या फटीत अडतं. फ्रीस्टाइलची फळी साडेसात इंचांच्या आतबाहेर, चाकं लहान आणि टणक. अरुंद फळी स्वतःभोवती झटकन फिरते. रुंद फळी तेवढ्याच जोराने मारली तर अर्ध्यातच पायाखाली येते आणि घोटा मुरगळतो.

पुन्हा बघाल तेव्हा चेहऱ्याकडे नको, पावलांकडे बघा. बोर्ड कडेवर उभा करून त्यावर पाय ठेवलेले दिसले की तो फ्रीस्टाइलवाला. आणि हो, पिझ्झाच्या गाडीतला ब्रायनचा मित्र म्हणजे नामवंत स्केटर टोनी हॉक! दत्तक घेतलेल्या व्हिएतनामी भावाच्या मृत्यूला पोलीस आत्महत्या म्हणतात आणि ब्रायन ते मानत नाही, ही गोष्ट या स्केटरांमुळेच खरी वाटते.