ब्रिगिटे मीरा: एमीनंतर वाया गेली का?

पागोळी: जर्मन दिग्दर्शक फासबिंडरचा 'आंग्स्ट एसेन झेले आउफ' (१९७४) हा चित्रपट परवा तिसऱ्यांदा पाहिला. त्यात एमी झालीय अभिनेत्री ब्रिगिटे मीरा. म्युनिकमधली साठीची विधवा सफाई कामगार एमी आपल्याहून बऱ्याच लहान मोरोक्कन अलीशी लग्न करते आणि मुलं, शेजारी, दुकानदार सगळे तिच्यावर उलटतात. पाऊस लागला म्हणून ती बारमध्ये शिरते, दाराजवळच्याच टेबलाशी बसते, कोला मागवते. सगळे टक लावून बघतात. तिथे मीराबाईंनी काहीही 'केलेलं' नाही, तरी माझा घसा दाटतो. जर्मन चित्रपट पुरस्कार मिळाला तेव्हा वय ६४! पुढच्या वर्षी फासबिंडरचाच 'मुटर क्यूस्टर्स'. आणि १९७७ पासून वर्षानुवर्षं काय, तर टीव्हीवर सॉसेजच्या टपरीवरची आजी. माझ्या मते वाया घालवलं या बाईला.

मधली सुट्टी: वाया कसलं? ती मुळात ऑपेरेटा (हलकीफुलकी संगीतिका) आणि कॅबरेतली. गाणी आणि विनोद यांवर तिचं आयुष्य गेलं होतं. 'द्राय डामेन फोम ग्रिल' या टीव्ही मालिकेत आजी, आई, नात मिळून पश्चिम बर्लिनमध्ये टपरी चालवतात. भिंत उभी असतानाच्या त्या शहराला ती आजी घरची वाटली. फासबिंडरने तिला शोधलं नाही, ती होतीच. त्याने तिला फक्त गप्प बसवलं आणि कॅमेरा जवळ नेला.

पागोळी: अहो, तेच तर दिग्दर्शकाचं काम! पिवळ्या खुर्च्यांच्या रिकाम्या बागेत दोघंच बसलेत, हॉटेलातली माणसं लांबून बघतायत, आणि ती एकदम हुंदके द्यायला लागते. असा प्रसंग मालिकेत कोण लिहिणार होतं?

दिवेलागण: तुम्ही दोघंही १९७४ पासून मोजताय. तिचे वडील रशियन ज्यू पियानोवादक. हे लपवून ती नाझी काळात काम करत राहिली. एवढंच नव्हे, १९४३च्या 'लीझे उंड मीझे' या प्रचारपटांत मीझे, म्हणजे शत्रूचा रेडिओ ऐकणारी 'वाईट' बाई, हीच झाली होती. आता एमीचं लग्नाचं जेवण आठवा. हिटलर इथे जेवायचा, असं ती अलीला कौतुकाने सांगते. कसलाही काळा हेतू नाही, निव्वळ हौस. ते वाक्य हिच्या तोंडून ऐकताना माझ्या अंगावर काटा येतो.

मधली सुट्टी: मीझेबद्दल मला तिला दोष द्यायचा नाही. जीव वाचवायचा होता. पण बघा, त्या वाईट बाईतही तिने जान ओतली. लोकांना चांगल्या लीझेपेक्षा मीझेच आवडायला लागली, म्हणून ते भाग बंद केले असं सांगतात. लहान भूमिकेत माणूस उभा करणं हेच तिचं कसब. टपरीवरही तेच.

पागोळी: मीझेचं पटलं. टपरीचे जुने भाग मिळवून बघते. पण एमी आणि ती आजी एका तराजूत घालायला माझा हात धजणार नाही.