ढोबळी मिरचीत राजमा-मका भरून, अर्धं मेक्सिकन अर्धं आपलं: पाणी कसं टाळू?

चुलीपाशी:
संध्याकाळच्या खाण्याला तळलेलं नको पण चमचमीत हवं, म्हणून ढोबळी मिरचीत राजमा, मका, थोडं पनीर भरून एअर फ्रायरला लावायचा विचार आहे. मेक्सिकन चव हवी पण आपल्या भरल्या भाजीचा खमंगपणाही सोडायचा नाहीये. दोन गोष्टी विचारायच्यात. मिरचीला पाणी सुटून सारण पचपचीत होतं ते कसं टाळायचं? आणि गोडा मसाला नि ओरेगॅनो एकत्र चालेल का? चीज कमीत कमी, मुलं आणि सासरे दोघंही खाणार त्यामुळे जहाल नको.

मिरपूड:
मिरच्या उभ्या चिरून बिया नि आतल्या पांढऱ्या शिरा काढ, आणि आधी नुसत्याच पालथ्या ठेवून १८० डिग्रीवर ४-५ मिनिटं भाजून घे, मग जे पाणी जमतं ते टाकून दे. आतून मीठ चोळू नकोस, मिठानेच पाणी सुटतं. टोमॅटो घालणार असशील तर गर नि बिया काढूनच. राजमा अर्धा ठेचायचा अर्धा अख्खा ठेवायचा, सारण कढईच्या कडा सोडेपर्यंत परतायचं आणि शेवटी दोन चमचे खमंग भाजलेलं बेसन भुरभुरायचं, पीठ पेरून भाजी करतो ना अगदी तसं, उरलंसुरलं पाणी ते ओढून घेतं आणि सारण सुटत नाही. भरून झालं की परत १८० वर ८-१० मिनिटं. कडा थोड्या काळपट झाल्या, साल सुरकुतायला लागली की लगेच काढ, जास्त ठेवलीस तर लगदा होईल.

लिंबूटिंबू:
भाजायचं मिरपूड म्हणतात तसंच कर, पण बेसनाऐवजी मी दाण्याचं कूट घालेन, जाडसर. बेसनाने सारण कोरडं होतं पण घशाशी चिकटतं. आणि कूट तिकडच्या स्वयंपाकातही परकं नाही, मेक्सिकोत काही प्रकारच्या मोलेमध्ये, म्हणजे त्यांच्या वाटणाच्या रश्श्यात, शेंगदाणे वाटून घालतात.

गोडा मसाला मात्र नको गं. त्यातलं दगडफूल, खोबरं, तीळ सगळा वास व्यापून टाकतात, मग मेक्सिकन काय उरलं? दोन्हीकडे जे आहे तेच धर: जिरं, धणे, लसूण, लाल मिरची. ब्याडगी गरम पाण्यात भिजवून लसूण-जिऱ्याबरोबर वाट, रंग झकास येतो आणि तिखटाचा त्रास नाही. ओरेगॅनोच्या जागी चिमूटभर ओवा हातावर चुरडून घाल. मेक्सिकन ओरेगॅनो हे पिझ्झावरच्या ओरेगॅनोपेक्षा वेगळंच झाड आहे, त्याचा वास उग्र असतो, ओव्याने बराच जवळ जाता येतं. चिमूटभरच हं, जास्त झाला तर काढ्यासारखं लागेल. लिंबू गॅस बंद केल्यावर.

पोळपाट:
राजम्याबद्दल कुणीच बोललं नाही म्हणून लिहितोय. रात्रभर भिजवा, ते पाणी फेकून द्या आणि नवीन पाण्यात कुकरला पूर्ण शिजवा, दाणा बोटाने दाबला की सहज पीठ व्हायला हवा. कच्च्या किंवा अर्धवट शिजलेल्या राजम्यात जे लेक्टिन राहतं त्याने उलट्या-जुलाब होतात, आणि एअर फ्रायरमध्ये पुढे शिजेल असं धरून चालू नका. घरात लहान मुलं आणि वयस्कर माणसं आहेत म्हणून मुद्दाम सांगतोय.

चुलीपाशी:
खूप खूप आभार सगळ्यांचे! ओव्याचं तर डोक्यातच आलं नसतं. ताई, आदल्या रात्री भरून फ्रीजमध्ये ठेवल्या तर चालतील? आणि चीज पूर्ण काढलं तर कोरडं लागेल का?

लिंबूटिंबू:
भरून नको ठेवूस, रात्रभरात पाणी सुटणारच. सारण करून गार कर, डब्यात घालून फ्रीजमध्ये ठेव, मिरच्या ऐनवेळी चिर. चीज नाही घातलंस तरी चालेल, पनीर किसून घाल म्हणजे ओलावा राहतो, फक्त ते वितळत नाही त्यामुळे वर पसरू नकोस, करपतं. बरोबर चक्क्यात लिंबू, कोथिंबीर, किसलेला लसूण आणि मीठ कालवून दे, सावर क्रीमची गरजच नाही. सासऱ्यांना चावायला त्रास असेल तर मका थोडा ठेचून घे.